चाळीतील एकांत आणि बासू चॅटर्जी
(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गातील भाषण)



बासू चॅटर्जी (मृत्यू २०२०) यांचे चित्रपट सौम्य, म्हणून निरुपद्रवी, असा समज आपल्यात आहे. तो मला मान्य नाही. 'ब्लिट्झ' साप्ताहिकातील या व्यंगचित्रकाराने १९६९ साली 'सारा आकाश' काढला तो फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या, म्हणजे सरकारी, पैशावर.

'पिया का घर' (१९७२) घ्या. राजा ठाकूर यांच्या 'मुंबईचा जावई'वरून तो बेतलेला आहे. लग्न होऊन चाळीत आलेल्या मालतीला नवऱ्याशी चार शब्द बोलायला जागा नाही. खलनायक कोणीच नाही. घरची माणसे प्रेमळ आहेत. तरी ती गुदमरते. घरटंचाई मी वर्गात पुष्कळ शिकवली. परंतु टंचाई माणसाच्या लाजेपर्यंत कशी पोहोचते, हे कोष्टकात मावत नाही. तक्रार एवढीच की, अखेर कुटुंबाची माया सारे निभावून नेते आणि जमिनीच्या भावाविषयी चित्रपट मूग गिळून बसतो.

'रजनीगंधा'त (१९७४) ते अधिक धीट आहेत. दीपा नोकरीच्या मुलाखतीसाठी दिल्लीहून मुंबईस येते आणि तेथे पूर्वीचा प्रियकर भेटतो. तिचे मन आणि तिची नोकरी एकमेकांत किती गुंतली आहेत, हे कोणीही बोलून दाखवत नाही.