सिनेमातले गाव कोण बांधतो?

आम्ही गोसीखुर्दचा बचत गट.

यंदा मंडईत आम्ही रात्रभर नाटक पाहिले. थंडीत शाली पांघरून, तणसावर बसून. वडशाच्या कंपनीचे झाडीपट्टीचे नाटक. सकाळी ज्या त्या नटीच्या लुगड्याबद्दल बोलत होतो. आमच्यातल्या एकीची बारावीतली मुलगी मात्र म्हणाली, "मावशी, तो वाड्याचा पडदा कोणी रंगवला?" कोणालाच सांगता आले नाही. मग ती म्हणाली, मला तेच काम शिकायचे आहे. आई म्हणाली, पडदे रंगवून पोट भरते का? या एका प्रश्नावर गटाच्या दोन बैठका गेल्या.

सिनेमात या कामाला कलादिग्दर्शन म्हणतात. घर, गल्ली, चूल, कंदील, जे जे कॅमेऱ्यापुढे दिसते ते आधी कागदावर काढायचे, मग सुतार, रंगारी, गवंडी यांच्याकडून उभे करून घ्यायचे. शूटिंग संपले की बहुतेक सारे मोडायचे. आपल्याकडे याची वाट पडद्यांतूनच निघाली. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर आधी नाटक कंपन्यांचे पडदे रंगवत. सिनेमात आल्यावर त्यांनी सपाट पडदा सोडून खऱ्यासारखी घरे, महाल उभे केले. 1925 चा 'सावकारी पाश' त्यांचाच.

आताच्या काळातले मोठे नाव नितीन देसाई. दापोलीचे, जन्म 1965 चा. मुंबईत कला शिकले आणि 'तमस' मालिकेच्या वेळी नितीश रॉय यांच्या हाताखाली लागले. '1942 अ लव्ह स्टोरी'ने नाव झाले. पुढे 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर', 'हम दिल दे चुके सनम', 'लगान' आणि 'देवदास', या चारही चित्रपटांच्या कामाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

'लगान' आम्ही मुद्दाम पुन्हा पाहिला. त्यातले 1893 सालचे चंपानेर कच्छमध्ये भुजजवळ, कुनरिया गावापाशी, सिनेमासाठी बांधलेले. मातीच्या भिंती, गवताची छपरे. या वेळी क्रिकेटकडे आमचे लक्षच नव्हते. आमची म्हातारी पडद्याजवळ जाऊन भिंती न्याहाळत म्हणाली, "सारवण बरे आहे, पण आपल्या हातचे नाही." हसलो खरे. पण सारवणे, पोतारणे, ओट्याचा काठ ओढणे याला आपण घरात काम म्हणतच नाही, आणि तिकडे त्याची मजुरी देतात.

आणखी एक. आमच्यातल्या कित्येक जणी धरणात गेलेल्या गावांच्या. पुनर्वसनात सिमेंटची घरे मिळाली. या मुलीने जुने घर पाहिलेलेच नाही. ओटा किती हात होता, कोनाडा कुठे होता, ढोलीत धान कसे भरत, हे आजी सांगते आणि ती वहीत काढते. तेरा पाने झाली आहेत. कोनाडा चुकला की आजी रागावते. आमच्या मते कलादिग्दर्शनाचे शिक्षण हेच, फक्त त्याला फी नाही.

आता आईच्या प्रश्नाकडे येऊ. देसाईंनी 2005 मध्ये कर्जतजवळ एन. डी. स्टुडिओ उभारला. किल्ले, महाल, सगळे तिथे. पण त्याबरोबर कर्जही वाढत गेले, आणि 2 ऑगस्ट 2023 ला त्याच स्टुडिओत त्यांनी जीव दिला. हे मुलीपासून लपवावे असे काही जणींचे म्हणणे होते. आम्ही तिला सांगितले. कर्जाने माणूस आतून कसा एकटा पडतो ते आपल्या शिवाराला काय नवे सांगायचे? आमच्या गटातही एक जण चार हप्ते थकल्यावर बैठकीला येईनाशी झाली होती. तिच्या दारी जाऊन बसलो, हप्ता अर्धा केला, तेव्हा ती परत आली. मुलीला म्हटले, उधारी झाली तर पहिल्या महिन्यातच तोंड उघडायचे.

बैठक लांबली. नागपूरच्या शासकीय चित्रकला महाविद्यालयात चौकशी करायची, लागेल तो जाण्यायेण्याचा आणि अर्जाचा खर्च गटाने द्यायचा, आईने फेडायचा, असे ठरले. आई अजून गप्पच होती. सही करून झाली, रजिस्टर मिटले, तेव्हा तिने विचारले, "पवनीहून नागपूरची पहिली बस कितीला असते?"