तटस्थ म्हणजे मुके नव्हे



इंग्रजी विकिपीडियावर इस्रायल-पॅलेस्टाईनच्या लेखात बदल करायचा, तर खाते किमान ३० दिवसांचे आणि नावावर ५०० संपादने असावी लागतात. भांडणे इतकी होतात, म्हणून हा नियम. पुष्कळदा वाद एका क्रियापदाचा असतो. ‘माणसे मारली गेली’ की ‘अमक्याने मारली’? ‘घर कोसळले’ की ‘पाडले’? पहिल्या वाक्यातून करणारा गायब होतो. कोणी केले हे सिद्ध झाल्यावरही तसेच लिहिणे, याला मी तटस्थता म्हणत नाही.

पण सिद्ध होण्याआधी नाव घेणेही चूकच. १७ ऑक्टोबर २०२३ रोजी गाझातल्या अल-अहली रुग्णालयाच्या आवारात स्फोट झाला. तिथल्या आरोग्य मंत्रालयाने इस्रायली हवाई हल्ल्याला दोष दिला, इस्रायलने इस्लामिक जिहादच्या भरकटलेल्या रॉकेटला. ह्यूमन राइट्स वॉचला पुरावे रॉकेटकडे झुकलेले दिसले. फोरेन्सिक आर्किटेक्चरने मात्र इस्रायलच्या दाव्यावर शंका घेतली. इथे कोण काय म्हणाले आणि कशाच्या आधारे, एवढेच लिहावे.

तुम्ही विचाराल, रोज माणसे मरत असताना हा काटेकोरपणा कशाला? त्या माणसांसाठीच. एक खोटा व्हिडिओ उघडा पडला, की दहा खऱ्यांवर संशय घ्यायला निमित्त मिळते.

म्हणून पुढे पाठवण्याआधी विचारा: हे कोणी केले, कोण सांगतो, त्याला कसे कळले? सिद्ध असेल तर नाव घ्या, तो कोणीही असो. नसेल तर ‘अजून ठरलेले नाही’ असे लिहायला लाजू नका.