हिंदूराव आणि आपली नावे

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी वर्षात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आजच्या व्याख्यानासाठी आम्ही 'माणसांची नावे' हा विषय घेतला आहे. विषय घरगुती आहे, पण परप्रांती राहणाऱ्या कुटुंबास तो रोज भेटतो. शाळेच्या अर्जावर भेटतो, बँकेच्या खिडकीशी भेटतो आणि शेजाऱ्याने मारलेल्या हाकेतही भेटतो. पुस्तकी उदाहरण शोधण्याची आपणांस गरज नाही. आपल्या या दिल्लीत एक मराठी नाव रोज हजारो लोकांच्या तोंडी आहे. ते नाव म्हणजे हिंदूराव.

उत्तर दिल्लीतील टेकडीवर, ज्या भागास येथे 'रिज' म्हणतात तेथे, हिंदूराव रुग्णालय आहे. सदर बाजाराजवळ 'बाड़ा हिंदूराव' नावाची जुनी वस्ती आहे. पंजाबी, बिहारी, गढवाली, सारेच हे नाव घेतात. मात्र हे हिंदूराव कोण, असे विचारले तर बहुतेकांस उत्तर देता येत नाही. खेदाची गोष्ट ही की आपल्यांपैकीही पुष्कळांस ते देता येत नाही.

हे हिंदूराव म्हणजे कोल्हापूरजवळच्या कागलचे घाटगे. त्यांचे वडील सखाराम घाटगे हे 'सर्जेराव' या किताबाने ओळखले जात. भगिनी बायजाबाई म्हणजे दौलतराव शिंद्यांच्या पत्नी. दौलतराव १८२७ साली निवर्तल्यावर बायजाबाईंनी ग्वाल्हेरचा कारभार हाती घेतला. १८३३ साली त्यांना ग्वाल्हेर सोडावे लागले. पुढे हिंदूराव दिल्लीत स्थायिक झाले. टेकडीवरील ज्या बंगल्यात इंग्रज अधिकारी विल्यम फ्रेझर राहत असे, तो बंगला फ्रेझरच्या १८३५मधील खुनानंतर त्यांनी विकत घेतला. १८५७च्या रणधुमाळीपूर्वीच ते वारले होते. तरी त्या उन्हाळ्यात इंग्रजी फौजेचे मुख्य नाके याच वाड्यात होते आणि लढाईच्या साऱ्या वृत्तांतांत 'हिंदूरावाचे घर' हे नाव पुनःपुन्हा येते. पुढे १९११-१२च्या सुमारास तेथे अवघ्या सोळा खाटांचे रुग्णालय निघाले. आज ते मोठे रुग्णालय आहे. मालक गेला, राज्ये बदलली, घराचे रूप पालटले. नाव तेवढे राहिले.

आता त्या नावाची फोड करून पाहू. 'राव' हा आपला शब्द. संस्कृत 'राजन्'पासून प्राकृतातून तो आपल्याकडे आला. 'हिंदू' हा शब्द मात्र प्रवास करून परतलेला आहे. 'सिंधू'चा इराणी उच्चार 'हिंदू'. आपला 'सप्त' तिकडे 'हफ्त' होतो, तसाच हा बदल. म्हणजे आपल्याच नदीचे नाव इराणात जाऊन आले आणि येथे त्यास 'राव' जोडले गेले. शिवाय हे बारशाचे नाव नव्हे, तर मानाचा किताब. संताजी घोरपड्यांचे बंधू बहिर्जी यांनाही छत्रपती राजाराममहाराजांनी 'हिंदूराव' हाच किताब दिला होता. आपल्या घाटग्यांचे मूळ नाव जयसिंगराव. ते नाव ग्रंथांत राहिले आणि किताब लोकांच्या जिभेवर बसला.

'सर्जेराव' हे नावही असेच दोन भाषांचे. 'सर्जा'च्या मागे फारसीतील सिंहाचा शब्द आहे. 'दौलतराव' यातील दौलत अरबी. 'गुलाबराव' यातील गुलाब फारसी; 'गुल' म्हणजे फूल आणि 'आब' म्हणजे पाणी. मालोजीराजांच्या पुत्रांची शहाजी आणि शरीफजी ही नावे नगरच्या शाह शरीफ या पिरावरून ठेवली, असे परंपरा सांगते. चिटणीस, फडणीस, पोतनीस, सबनीस यांतील 'नीस' म्हणजे फारसी 'नवीस', लिहिणारा. ज्यांना आपण अस्सल मराठी नावे म्हणतो, त्यांतील कितीतरी नावांची एक बाजू अशी परदेशी आहे, आणि त्यामुळे त्यांचे मराठीपण कमी झालेले नाही.

ध्वनी बाजूस ठेवून केवळ अर्थ पाहिला, तर जगातील माणसे एकमेकांच्या फार जवळची वाटू लागतात. आपला 'देवदत्त', मुसलमानांचा 'खुदाबक्ष', ग्रीकांचा 'थिओडोर', ज्यूंचा 'नथानिएल', स्लाव्ह लोकांचा 'बोग्दान' या साऱ्या नावांचा अर्थ एकच : देवाने दिलेला. इंग्रजांचा 'पीटर' मूळच्या ग्रीक भाषेत दगड आहे. मुले जगत नसली की आपल्याकडेही दृष्ट लागू नये म्हणून मुलाचे नाव दगडू किंवा धोंडू ठेवीत. महर्षी कर्व्यांचे नाव 'धोंडो' होते, ते भारतरत्नाच्या मार्गात आड आले नाही.

आडनावांचेही तसेच. गावावरून 'कर' लावण्याची आपली रीत आपणांस खास आपली वाटते. पण अमीर खुस्रो स्वतःस 'देहलवी' म्हणवीत. त्याचे मराठी 'दिल्लीकर' असेच होईल. पंजाबातील अहलू गावचे ते अहलूवालिया आणि मजीठा गावचे ते मजीठिया. आपण नगरकर, सोलापूरकर म्हणतो, त्याच वाटेने तेही गेले आहेत.

नाव परक्या मुलखात गेले की तेथील जीभ त्यास आपल्या सोयीने वळण देते. 'बाड़ा हिंदूराव' यातील 'बाड़ा' आणि आपला 'वाडा' हे एकाच कुळातले शब्द. उत्तरेकडे 'व'चा 'ब' झाला, जसा वसंताचा बसंत होतो. शिष्ट हिंदीत 'ळ' नाही. म्हणून लोकमान्य टिळक दिल्लीत 'तिलक' झाले आणि तिलक मार्ग, तिलक नगर, तिलक ब्रिज अशी नावे रूढ झाली. आपले काळे येथे 'काले' होतात. इतरांनी असे म्हटल्यास रागावण्याचे कारण नाही. हरियाणवीत आणि पंजाबीत 'ळ'चा उच्चार आहे, तेव्हा शेजाऱ्यास शिकवू गेल्यास तो शिकूही शकेल. पण घरात, आपल्याच मुलांच्या तोंडी 'काले' आले, तर दोष दिल्लीचा नव्हे.

येथे आम्ही मूळ मुद्द्यास येतो. आपली नावाची घडण तीन पदरी : स्वतःचे नाव, वडिलांचे किंवा पतीचे नाव आणि आडनाव. उत्तरेकडील अर्जांत वडिलांच्या नावाचा रकाना वेगळा असतो, म्हणून आपल्या मुलांच्या नावांतून मधला पदर हळूहळू गळतो आहे. दुसरीकडे महाराष्ट्रातच ही घडण बदलली आहे. १ मे २०२४ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्यांच्या नावात, शासकीय कागदपत्रांपुरते, आईचे नाव वडिलांच्या नावाआधी लिहावे असा निर्णय झाला. आम्हांस तो स्वागतार्ह वाटतो. लग्नात तांदळांत सोन्याच्या अंगठीने वधूचे नवे नाव लिहीत, तेव्हा तिने वीस-बावीस वर्षे वागवलेले नाव एका क्षणात पुसले जाई. त्या पुसण्याचे दुःख आपल्या आया-आज्यांनी बोलून दाखवले नाही, एवढेच.

नावाचे वजन किती असते याची साक्ष सातारा जिल्ह्याने दिली आहे. मुलगा हवा असता मुलगीच झाली, म्हणून तिचे नाव 'नकुशी' ठेवलेल्या अडीचशेहून अधिक मुलींना २०११ साली तेथील प्रशासनाने समारंभपूर्वक नवी नावे दिली. नावात काय आहे, असे विचारणाऱ्याने त्या मुलींकडे पाहावे. शाळेत रोज हजेरीला ज्यांना 'नको असलेली' म्हणून हाक मारली जाई, त्यांना त्या प्रश्नाचे उत्तर ठाऊक होते.

म्हणून जुन्या सर्वच रीती जपा, असे आम्ही म्हणणार नाही. नकुशी जावी, हेच योग्य. आजचे आईबाप उत्तरेतही दक्षिणेतही सहज उच्चारता येईल असे आटोपशीर नाव निवडतात, त्यातही आम्हांस वावगे दिसत नाही. घाटग्यांनी 'हिंदूराव' हे नाव मिरवले तेव्हा त्याचा निम्मा भाग इराणातून फिरून आलेला होता. तरीही ते दिल्लीतले सर्वांत ठळक मराठी नाव ठरले. नाव कोणत्या भाषेचे आहे, यावर ते आपले की परके हे ठरत नाही. ते कोणाचे होते, का ठेवले आणि घरात ते कसे उच्चारतात, हे सांगणारा कोणी आहे की नाही, यावर ते ठरते.

हिंदूरावांच्या बाबतीत नेमके हेच झाले नाही. त्यांचे नाव फलकावर कोरले गेले, कागदोपत्री चढले, रोज्यांच्या चिठ्ठ्यांवर छापले गेले. मात्र ते नाव सांगणारी माणसे येथे उरली नाहीत. नाव राहिले आणि माणूस हरवला. आपल्या घरांतही हे घडू शकते. पणजोबांचे नाव नातवास दिले, पण पणजोबा कोण हे सांगितले नाही, तर त्या मुलाच्या अंगावर आपण केवळ एक फलक टांगला असे होईल.

सबब आमची विनंती अल्प आहे. प्रत्येक घरात मुलांना तीन गोष्टी सांगाव्यात : तुझ्या नावाचा अर्थ काय, ते कोणी व का ठेवले, आणि आजीच्या तोंडी ते कसे येते. चौथी गोष्ट मुलांनी स्वतः करावी. शेजारच्या मुलाच्या नावाचा अर्थ विचारावा आणि त्याच्या घरी ते जसे उच्चारतात तसे उच्चारावयास शिकावे. आपला 'ळ' लोकांनी ऐकावा असे वाटत असेल, तर त्यांच्या नावांतील अक्षरांनाही आपण कान द्यावयास हवा.

मंडळाने पन्नास वर्षे या नगरीत मराठी नावांना एकत्र हाक मारण्याचे काम केले आहे. पुढील पन्नास वर्षे ती हाक तशीच ऐकू येवो.