ग्वाल्हेरचा दर्यावर्दी : व्हाइस ॲडमिरल भास्कर सदाशिव सोमण

(गणेशोत्सवातील व्याख्यानाचे शब्दांकन)



माझा पेशा रेल्वेचे रूळ सांभाळण्याचा, व्याख्यान देण्याचा नव्हे. पण कार्यकारिणीने आग्रह केला आणि विषय असा आहे की मला नाही म्हणवेना.

काही वर्षांपूर्वी आम्ही सहकुटुंब द्वारकेला गेलो होतो. १९६५ च्या युद्धात पाकिस्तानी युद्धनौकांनी द्वारकेवर तोफा डागल्या आणि त्यात तिथल्या रेल्वेच्या विश्रामगृहाचे नुकसान झाले, असे तिथे ऐकले. रेल्वेवाल्याचे कान टवकारणारच! परत आल्यावर वाचायला घेतले. तेव्हा समजले की त्या वेळचे नौदलप्रमुख सोमण हे ३० मार्च १९१३ रोजी जन्मले ते आपल्या ग्वाल्हेरला. इथून समुद्र पाहायचा तर पंजाब मेलमध्ये रात्र काढावी लागते. अशा गावात जन्मलेला मराठी माणूस भारताचा दुसरा भारतीय नौदलप्रमुख झाला. पहिले ॲडमिरल कटारी, त्यांच्यानंतर सोमण.

त्याआधी, डिसेंबर १९६१ मध्ये गोवा मुक्त झाला तेव्हा आपला नौदलाचा ताफा रिअर ॲडमिरल सोमण यांच्या हाताखाली होता. अंजदीव बेटावर उतरताना आपले सात नौसैनिक कामी आले. ‘अफोन्सो द अल्बुकर्क’ ही पोर्तुगीज युद्धनौका ‘बेतवा’ आणि ‘बियास’ यांच्या माऱ्याने निकामी झाली आणि किनाऱ्याला लावली गेली. ही कथा आपल्यापैकी पुष्कळांना ठाऊक आहे, म्हणून मी तिथे रेंगाळत नाही. पुढची मात्र सहसा कोणी सांगत नाही.

जून १९६२ मध्ये सोमण नौदलप्रमुख झाले आणि चारच महिन्यांत चीनचे युद्ध आले. त्यानंतर सारा पैसा आणि सारे लक्ष डोंगराकडे. नौदल मागच्या बाकावर. सप्टेंबर १९६५ मध्ये पाकिस्तानशी युद्ध पेटले तेव्हा ‘विक्रांत’ दुरुस्तीसाठी गोदीत होती. इंडोनेशियाकडून अंदमानला धोका वाटत होता, म्हणून पूर्वेकडेही लक्ष ठेवणे भाग होते. तशात संरक्षण मंत्रालयाकडून लेखी आदेश आला. मुंबईपासून दोनशे मैलांच्या पलीकडे जायचे नाही, पोरबंदरच्या अक्षांशाच्या उत्तरेला जायचे नाही, आपण होऊन चढाई करायची नाही. सरकारला युद्ध समुद्रावर पसरू द्यायचे नव्हते.

आता घरी गेल्यावर नकाशा काढून बघा. द्वारका पोरबंदरच्या उत्तरेला आहे! म्हणजे आपलाच किनारा आपल्या आरमाराला बंद.

७ आणि ८ सप्टेंबरच्या मधल्या रात्री ‘बाबर’ क्रूझरसह सात पाकिस्तानी नौका आल्या. मोहिमेला नाव काय दिले होते, तर ‘सोमनाथ’. प्रत्येकीने पन्नासच्या आसपास गोळे डागले आणि चारेक मिनिटांत सगळ्या परत फिरल्या. जवळच ओख्याला आपली ‘तलवार’ दुरुस्तीसाठी उभी होती. सकाळी तिचे लोक पाहणीला गेले. बहुतेक गोळे देऊळ आणि रेल्वे स्टेशन यांच्या मधल्या मऊ जमिनीत रुतले होते, कित्येक फुटलेच नव्हते. त्यांच्यावर छाप होता ‘इंडियन ऑर्डनन्स’चा आणि साल १९४० नंतरचे. फाळणीत वाटून गेलेला आपलाच दारूगोळा!

नुकसान थोडे झाले, पण नौदलाची बोच मोठी होती. सोमण गप्प बसले नव्हते. संरक्षणमंत्री यशवंतराव चव्हाणांकडे आणि पंतप्रधान शास्त्रीजींकडे त्यांनी आपला विरोध मांडला. तो मान्य झाला नाही, तेव्हा त्यांनी आदेश पाळला. त्यांनी राजीनामा द्यायला हवा होता, असे कोणी म्हणेल. मला तसे वाटत नाही. आम्हा रुळावरच्या लोकांना हे थोडे समजते. गँग हत्यारांसह तयार असते, रूळ बदलायचाच असतो आणि कंट्रोल ब्लॉक देत नाही. कंट्रोलला साऱ्या गाड्या दिसतात, आम्हाला आमचा एक किलोमीटर. भांडावे जरूर, पण ब्लॉकशिवाय रुळाला हात लावायचा नाही. सरकारचा तो निर्णय मात्र मला आजही चुकीचा वाटतो. शत्रू दारात येऊन गेल्यावर तरी ती रेघ पुसायला हवी होती.

त्याच काळातले दुसरे काम कमी बोलले जाते. रशियाशी पाणबुड्यांचा करार १९६५ मधला, म्हणजे सोमणांच्याच कारकिर्दीतला. त्यातली पहिली ‘कलवरी’ ८ डिसेंबर १९६७ रोजी नौदलात दाखल झाली. माझगाव गोदीत लिएंडर जातीच्या फ्रिगेट बांधायचे ठरले तेही त्याच वर्षांत. त्यांतली पहिली, ‘निलगिरी’, १९७२ मध्ये नौदलात आली. तोवर सोमण निवृत्त होऊन सहा वर्षे झाली होती. मार्च १९६६ मध्येच त्यांनी सूत्रे खाली ठेवली होती.

१९७१ मध्ये ॲडमिरल नंदा नौदलप्रमुख होते आणि या वेळी तशी रेघ कोणी आखली नाही. ४ डिसेंबरच्या रात्री आपल्या क्षेपणास्त्र नौका थेट कराचीपर्यंत गेल्या. तिथे बुडालेल्या नौकांमध्ये ‘खैबर’ होती. द्वारकेवर तोफा डागणाऱ्या सात नौकांपैकीच एक.

आरतीची वेळ झाली आहे, मुले खोळंबली आहेत. थांबतो.