तुम्ही मूळचे कुठले?



‘तुम्ही मूळचे कुठले?’ हा प्रश्न आपल्यापैकी बहुतेकांना कधी ना कधी विचारला गेला आहे. भाड्याने खोली शोधताना, आगगाडीत, कधी नोकरीच्या मुलाखतीतही. नाव सांगितले की पुढचे वाक्य ठरलेले असते, ‘पण मराठी किती छान बोलता!’ आपली मुलेही हे ऐकतात आणि घरी येऊन काही बोलत नाहीत. म्हणून आज दोन माहितीपटांविषयी बोलावे असे मी ठरवले.

अंजली मोंतेरो आणि के. पी. जयशंकर या दांपत्याने ते केले आहेत. दोघांनी मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत अनेक वर्षे अध्यापन केले. पहिला माहितीपट ‘नाता’, 2003 सालचा, धारावीवरचा. धारावीत जुने कोळी, सौराष्ट्रातले कुंभार, तामिळनाडूतून आलेले चामडे कमावणारे, उत्तर प्रदेशातले कारागीर. यांत ‘मूळचे’ कोणाला म्हणणार? डिसेंबर 1992 व जानेवारी 1993 च्या दंगलींनंतर भाऊ कोरडे आणि वकार खान या दोन मित्रांनी तिथे एकोप्याचे काम केले. त्यांची हकीकत सांगताना हे दांपत्य स्वतःचीही हकीकत सांगते. दुसऱ्याची ओळख विचारणाऱ्याने आधी आपली पुढे ठेवावी, हे मला फार पटले.

दुसरा, 2011 चा ‘सो हेड्डां सो होड्डां’. शब्द कच्छी, अर्थ, जे इथे तेच तिथे. कच्छचे मालधारी पूर्वी गुरे घेऊन रण ओलांडून सिंधमध्ये ये-जा करीत. 1947 साली मध्ये सरहद्द आली आणि पुढे ती वाट बंद होत गेली. पण शाह अब्दुल लतीफ (1689–1752) यांचे सिंधी काव्य इकडे गायले जातच राहिले. अब्डासा भागातले उमर हाजी सुलेमान त्याचा अर्थ उलगडतात, मुस्तफा जत गातात. (चित्रपट संथ आहे. मारामारी पाहण्याची सवय असलेल्यांनी थोडा धीर धरावा!)

लतीफ यांच्या काव्यातली मारुई तुम्हांला माहीत असावी. उमरकोटच्या राजाने तिला पळवून नेले, दागिने आणि रेशीम पुढे ठेवले. तिने अंगावरचे गावाकडचे जाडेभरडे वस्त्र सोडले नाही. ती थरच्या वाळवंटातल्या आपल्या गरीब माणसांचीच आठवण काढत राहिली.

आता आपल्या घरात पाहा. पाहुण्यांसमोर मूल कोकणीत किंवा दखनीत बोलले की आपण लगेच दटावतो, ‘नीट बोल!’ शाळेत शुद्ध मराठी, मदरशात उर्दू, पुढे इंग्रजी हे सर्व हवेच. पण त्या दटावण्यातून मुलाला कळते ते एवढेच, की आपल्या दादीची बोली लपवण्याजोगी आहे.

विद्यार्थ्यांनो, येत्या सुट्टीत गावी गेलात की दादी-नानीकडून लग्नातली गाणी ऐका. कोणाकडून शिकली, कोणत्या गावी, हे विचारा आणि तिच्याच बोलीत वहीत लिहा. मोबाईलवर आवाज भरून घेणार असाल तर आधी तिची परवानगी घ्या, आणि भरलेले तिला नक्की ऐकवा.