एका गोदामास दोन कुलुपें

सहकाराचें मूळ सूत्र परस्परसाहाय्य हें होय. त्यामुळें दोन सहकारी बँका एकमेकींविरुद्ध न्यायालयाची पायरी चढल्या असें ऐकलें म्हणजे सामान्य गृहस्थास नवल वाटतें. परंतु बँक सहकारी असली तरी ती ठेवीदारांच्या पैशाची विश्वस्त असते, आणि विश्वस्तास दुसऱ्याचा पैसा भिडेखातर सोडून देतां येत नाहीं. तंटा उद्भवणें यांत म्हणूनच कमीपणा नाहीं. तो वर्षानुवर्षें लोंबत ठेवणें यांत मात्र खास आहे.

चंद्रपूर म्हणजे जुना चांदा जिल्हा, आणि १९८२ सालीं त्यांतून वेगळा काढलेला गडचिरोली जिल्हा, हे दोन्ही मुख्यतः वनप्रदेश. तथापि ब्रह्मपुरी, सिंदेवाही, मूल, आरमोरी, देसाईगंज हा टापू धानाचा आहे. धान पिकतें तेथें भरडाईच्या गिरण्या येतात, गिरण्यांमागून गोदामें येतात, आणि गोदामांतील मालावर कर्ज देणाऱ्या बँकाहि येतात.

अशा प्रदेशांतील एक प्रसंग कल्पावा. एका गिरणीवाल्यानें आपल्या गोदामांतील माल एका नागरी सहकारी बँकेकडे नजरगहाण ठेवून कर्ज उचललें. त्याच गोदामांत आसपासच्या शेतकऱ्यांनीं ठेवलेल्या धानाच्या वखारपावत्यांवर जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकेनें शेतकऱ्यांस कर्ज दिलें. पुढें गिरणी बसली. एक बँक म्हणते, गोदामांतील माल आमच्याकडे आधीं गहाण पडला. दुसरी म्हणते, धान शेतकऱ्यांचें आणि पावत्या आमच्या हातीं. गोदामास दोन कुलुपें लागतात. आंत उंदीर आणि कीड आपलें काम करीत राहतात. बाहेर शेतकरी आपलेंच धान विकूं शकत नाहीं. त्याचें कर्ज थकीत ठरतें, आणि मृग तोंडावर आला असतां नवें पीककर्ज त्यास नाकारलें जातें. तंटा दोन बँकांचा; दंड मात्र तिसऱ्यास.

असा तंटा कोणापुढें न्यावा? १९१२ च्या सहकारी कायद्यानें असे तंटे निबंधकाकडे अथवा पंचाकडे सोंपविण्याचे नियम करण्याची मुभा दिली होती. महाराष्ट्राच्या १९६० च्या सहकारी संस्था अधिनियमांत हा विषय कलम ९१ मध्यें आला. संस्थेच्या कारभाराशीं अथवा धंद्याशीं निगडित असलेला आणि कायद्यानें सांगितलेल्या पक्षांमधील तंटा आज सहकार न्यायालयाकडे जातो. दिवाणी न्यायालयास तो ऐकतां येत नाहीं. परंतु संस्थेचा प्रत्येक व्यवहार तिचा ‘धंदा’ ठरत नाहीं. डेक्कन मर्चंट्स सहकारी बँकेच्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें १९६८ सालीं घरमालक व भाडेकरू यांमधील वाद या कलमाच्या बाहेर ठेवला. दावा दाखल करण्यापूर्वीं वादाची जात ओळखणें किती अगत्याचें आहे, हें यावरून दिसेल.

पुढें २००२ सालीं तारणावरील वसुलीचा केंद्रीय कायदा झाला. तो सहकारी बँकांस लागू आहे किंवा कसें, याविषयीं दीर्घकाळ संशय होता. कोल्हापूर जिल्ह्यांतील मुरगूड येथील विश्वासराव पाटील सहकारी बँकेच्या प्रकरणांत पांच न्यायमूर्तींच्या पीठानें ५ मे २०२० रोजीं तो संशय फेडला: सहकारी बँकाहि या कायद्याच्या अर्थानें बँकाच होत.

या निर्णयाचें महत्त्व केवळ वसुलीपुरतें नाहीं. त्याच कायद्याच्या कलम ११ प्रमाणें, येणें रक्कम न मिळाल्याविषयीं दोन बँकांमध्यें वाद झाल्यास तो समेटानें अथवा लवादानें मिटवावयाचा असतो. २३ मे २०२५ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें नांगली राईस मिल्सच्या प्रकरणांत हें कलम बंधनकारक ठरविलें. तेथें भांडणाऱ्या बँका राष्ट्रीयीकृत होत्या. पण वादाचा विषय भातगिरणीचा माल हाच होता. न्यायालयानें सांगितलें कीं, लवादाचा लेखी करार नसला तरी कायदा तो झाला असें मानतो, आणि दोन बँकांपैकीं अग्रहक्क कोणाचा हें ऋणवसुली न्यायाधिकरणानें ठरवावयाचें नाहीं. मुरगूडचा निर्णय याच्या शेजारीं ठेविला म्हणजे आमच्या कल्पित गोदामाचीं दोन कुलुपें कोठें उघडावयाचीं, याचें उत्तर मिळतें.

या वाटेस मर्यादा आहेत. कर्जदार स्वतःच वादांतील पक्ष असेल तर कलम ११ लागू होत नाहीं. शेतजमिनीवरील तारण तर या कायद्यानें मुळांतच वगळलें आहे. सातबाऱ्यावरील बोज्याचे वाद त्यामुळें जुन्याच वाटेनें जातात. आणि आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीस विकण्यावर महसूल संहितेचे निर्बंध असल्यानें केवळ कागदावरील तारण मोठें पाहून भुलण्यांत अर्थ नाहीं.

म्हणून शहाणपण आधींचें असावें. कर्ज देण्यापूर्वीं सातबारा, गोदामाची नोंदवही आणि तारणांची केंद्रीय नोंदणी, या तिन्ही पाहाव्यात. आपल्या हक्काची नोंद त्याच आठवड्यांत करावी. इतकें करूनहि तंटा झालाच, तर दोन्ही बँकांच्या संचालकांनीं पहिल्याच बैठकींत एक ठराव करावा: माल संयुक्त देखरेखीखालीं ताबडतोब विकावा, आलेली रक्कम वेगळ्या खात्यांत ठेवावी, आणि ती कोणाची हें लवादानें सावकाश ठरवावें. व्याज मिळवीत पडून राहिलेला पैसा वाट पाहूं शकतो. गोदामांतील धान पाहूं शकत नाहीं. आणि सिरोंचाहून सुमारें दोनशें किलोमीटर चालून जिल्ह्याच्या गांवीं येणाऱ्या कर्जदारास तर पेरणीचा हंगाम मुळींच थांबवून धरतां येत नाहीं.