कमी पाण्याची बाग आणि गुलबक्षी

(ग्रामपंचायत सदस्य व प्राथमिक शिक्षक यांच्या शिबिरात एका माहिती अधिकाऱ्याने केलेले भाषण)



पाणीटंचाईचा विचार करण्यासाठी आपण जमलो असताना फुलझाडांवर बोलणे काहींना अप्रस्तुत वाटेल. परंतु या विषयाशी माझी एक चूक निगडित आहे, आणि ती आधी सांगून टाकलेली बरी.

नोकरीच्या सुरुवातीच्या वर्षांत मी एका शाळेच्या बागेवर बातमी लिहिली होती. गुलाब, कर्दळ, हिरवळीचा चौकोन आणि मधोमध ध्वजस्तंभ. छायाचित्रही उत्तम आले होते. हिवाळ्यात लिहिलेल्या त्या बातमीत बागेला पाणी कोठून येते याचा उल्लेख नव्हता, कारण मी ते विचारलेच नव्हते. एप्रिलमध्ये अन्य कामानिमित्त पुन्हा त्या गावी गेलो. टँकर एक दिवसाआड येत होता, आणि सातवीच्या मुली हातपंपावरून कळशा भरून गुलाबांना घालीत होत्या. आधी घरचे पाणी, मग शाळेचे. त्यांतील एक मुलगी म्हणाली, "साहेब, बाग पेपरात आलीय ना, वाळली तर कसं दिसेल?" मला उत्तर देता आले नाही.

त्याच शाळेच्या कुंपणाशी, दगडांच्या कडेला काही वाळक्या काड्या उभ्या होत्या. त्यांना कोणी पाणी घालीत नव्हते. श्रावणात पुन्हा गेलो तेव्हा गुलाब गेलेले होते. मात्र त्या काड्यांच्या जागी गुलबक्षी कमरेएवढी वाढली होती.

२०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी न्यावे लागले. पहिल्या गाडीच्या दहा वाघिणींत सुमारे ५ लाख लिटर पाणी होते. ते दिवस पाहिलेल्या माणसाने शोभेसाठी रोज पाणी मागणाऱ्या बागेची शिफारस करू नये, असे मला वाटते. बाग नकोच, असे मात्र मी म्हणणार नाही. शाळेच्या किंवा चावडीच्या पुढे काही फुलावे, ही इच्छा साधी आणि योग्य आहे. झाड मात्र पाहून निवडावे.

गुलबक्षीचे बळ जमिनीखाली आहे. तिला गाजरासारखे जाड, मांसल मूळ असते. पाऊस असतो तोवर झाड त्यात अन्नपाणी साठविते. उन्हाळ्यात वरचा पाला सुकतो, काड्या मोडतात आणि झाड मेले असे वाटते. मृगाच्या सरींनंतर त्याच मुळातून नवे कोंब येतात. आपल्या रानातील पुनर्नवा, म्हणजे घेटुळी, ही याच कुळातील. कुंपणावरची बोगनवेलही त्यातलीच.

पाश्चात्य देशांतील कमी पाण्याच्या बागांत 'ईव्हिनिंग प्रिमरोझ' या संध्याकाळी उमलणाऱ्या फुलाचे फार कौतुक असते. ते अमेरिकेतले. आपण त्याच्या बिया मागविण्याचे कारण नाही, कारण संध्याकाळी उमलून पतंगांना बोलावणारी गुलबक्षी आपल्या परसात आहेच. परदेशी म्हणाल तर तीही मूळची उष्ण अमेरिकेतलीच. परंतु आता तिच्या नावाने आपण लुगड्याचा रंग ओळखतो.

लागवडीबाबत सांगण्यासारखे थोडेच आहे. मिऱ्यासारखी दिसणारी काळी बी रात्रभर भिजवून, पहिल्या पावसानंतर, बोटाच्या पेराएवढ्या खोलीवर टोचावी. दोन झाडांत दीड ते दोन फूट अंतर असावे. मुरमाड जमीन चालते. पाणी साचणारी जागा मात्र टाळावी, कारण तेथे मूळ कुजते. म्हणून नळकोंडाळ्याच्या चिखलात ती लावू नका. पहिल्या वर्षी पावसाने लांबण लावली तर अधूनमधून पाणी द्यावे. पुढे मूळ पोसले की पावसावर निभते. उन्हाळ्यात ती हिरवी दिसणार नाही, हे आधीच मान्य करावे. फेब्रुवारीत येणाऱ्या तपासणी पथकासाठी हे झाड नव्हे.

दोन गोष्टी सांभाळाव्यात. बी आणि मूळ विषारी आहे; पोटात गेल्यास उलट्या व जुलाब होतात. त्यामुळे अंगणवाडीच्या दाराशी ही झाडे नकोत, आणि बी गोळा करणाऱ्या मुलांना हात धुण्यास सांगावे. दुसरे म्हणजे, बी पडून रोपे आपोआप पसरतात. ओढ्याकाठी किंवा माळावर ती टाकू नयेत, आवारातच ठेवावीत.

शिक्षकांना या झाडाचा आणखी एक उपयोग आहे. जर्मन शास्त्रज्ञ कार्ल कॉरेन्स यांनी आनुवंशिकतेच्या अभ्यासासाठी हेच झाड वापरले होते. लाल आणि पांढऱ्या फुलांच्या शुद्ध जातींचा संकर केला की पहिल्या पिढीत गुलाबी फुले येतात. त्या गुलाबी झाडांच्या संततीत लाल, गुलाबी व पांढरी यांचे प्रमाण १:२:१ असे पडते. पुस्तकातील हा तक्ता आवारात वाढविता येईल. फुले चारच्या सुमारास उमलू लागतात. अडचण एवढीच की, शाळा सुटण्याची वेळही साधारण तीच. ढगाळ दिवशी आणि उघडिपीच्या दिवशी फूल किती वाजता उमलते, याची नोंद ठेवण्यास मुलांना अवश्य सांगा. मुली तिच्या लांब देठासारख्या नळ्या एकमेकींत गुंफून दोऱ्याशिवाय वेणी करतात. ते मात्र त्यांना शिकवावे लागणार नाही.

माझ्या घरच्या झाडांचे बी मी सोबत आणले आहे. मागच्या टेबलावर पुड्या ठेवल्या आहेत. ज्यांच्या गावी टँकर येतो, त्यांनी आधी घ्याव्यात.